मार्तंड : एका नावाच्या आत काय काय असतं

ज्यांना हेडफोन लावून ऐकायचंय त्यांनी ऐका, आणि ज्यांच्या एसटीला तुळजापूरच्या पुढे नेट येत नाही त्यांच्यासाठी हा लेखी मजकूर. बोलले तसंच ठेवलंय. फक्त 'म्हणजे' आणि 'अ‍ॅक्च्युअली' थोडे कमी केलेत.

आजचा विषय नाव. सगळी नावं नाही, एकच. मार्तंड.

पण त्याआधी जरा आजूबाजूला बघू. तुमच्या ओळखीत कुणाकडे बाळ झालं की काय होतं? गुरुजी अक्षर सांगतात, कुणीतरी व्हॉट्सअ‍ॅप ग्रुप काढतं, आणि सगळे जण नावांची अ‍ॅप उघडून बसतात. प्रत्येक नावापुढे एका ओळीचा अर्थ असतो. 'देवाची कृपा', 'तेजस्वी', 'राजा', 'विष्णूचं एक नाव'. मला तर वाटतं या अ‍ॅपवाल्यांकडे मोजून पंधरा अर्थ आहेत आणि तेच ते फिरवून वाटतात.

मी सॉफ्टवेअरमध्ये आहे, त्यामुळे असा डेटा दिसला की हात शिवशिवतात. हा आला कुठून? मग कळतं की एका साइटनं दुसरीचं उचललंय आणि दुसरीनं तिसरीचं. आपण कोड उचलतो तसंच. फरक एवढाच की चुकीचा कोड निदान चालत तरी नाही, चुकीचा अर्थ मात्र आयुष्यभर चालतो.

उदाहरण घ्या. कियारा. हे नाव आपल्याकडे घरोघरी पोचलं ते सिनेमामुळे. २०१० च्या 'अनजाना अनजानी'मध्ये प्रियांका चोप्राच्या पात्राचं नाव कियारा होतं, आणि पुढे आलिया अडवाणीनं तिथूनच ते स्वतःसाठी घेतलं. आता अर्थ काय? इटलीत 'कियारा' हे नाव आहे, लॅटिनमधून आलेलं. अर्थ उजळ, स्वच्छ. आयर्लंडमध्ये 'कियरा' आहे, ते 'कियर' या शब्दावरून, म्हणजे काळसर. बघा, जवळजवळ एकच उच्चार; एका देशात गोरी, दुसऱ्या देशात सावळी. आपल्या अ‍ॅपमध्ये मात्र ती थेट संस्कृतातून आलेली असते. कियानचंही तसंच. ते फारसीतलं, 'शाहनामा'त ज्या कयानी राजांच्या गोष्टी आहेत त्यांच्याशी नातं असलेलं. आणि विहान? ते आपलं आहे, विहान म्हणजे पहाट. भोजपुरीत आजही सकाळीला 'बिहान' म्हणतात. छान नाव आहे. पण आमच्या शेजारच्या आजींना कुणीतरी सांगितलं, नातवाचं नाव विहान ठेवलंय. त्या म्हणाल्या, "वहाण? पायातली?"

(हसू)

आता मार्तंडकडे येते. हे नाव आमच्या घरात कसं आलं ते सांगते, कारण त्याशिवाय पुढचं कळणार नाही.

मी मूळची अणदूरची. सोलापूर-हैदराबाद रस्त्यावर नळदुर्गजवळ आमचं गाव लागतं. खंडोबाचं गाव. आणि आमच्या खंडोबाची एक गंमत आहे, ती दुसरीकडे सांगितली तर लोकांना खरी वाटत नाही. आमचा देव वर्षातले साधारण दहा महिने अणदूरला राहतो आणि साधारण दोन महिने नळदुर्गला, मैलारपूरच्या देवळात. मंदिरं दोन, मूर्ती एकच. पौष पौर्णिमेची मोठी यात्रा भरते ती नळदुर्गला. मग देव परत आमच्याकडे. पुण्यात मी रूममेटला हे सांगितलं तर ती म्हणाली, "म्हणजे हायब्रीड मोडमध्ये आहे तुमचा देव."

तर माझ्या दादाला मुलगा झाला. तिसऱ्या वेळी. पहिल्या वेळी सातव्या महिन्यात गेलं. दुसरं दोन दिवस होतं. दुसऱ्या वेळी मी सुट्टी घेऊन गावी गेले होते, आणि वहिनीशी काय बोलायचं ते मला कळलं नव्हतं. आम्ही दोघी अंगणात शेंगा फोडत बसलो होतो, एवढंच. हा तिसरा बत्तिसाव्या आठवड्यात आला, दीड किलोसुद्धा नव्हता. सोलापूरला एकोणीस दिवस काचेच्या पेटीत. बारावा दिवस तिथेच गेला, त्यामुळे बारसं लांबलं. जन्म रविवारचा, नक्षत्र मघा, म्हणजे अक्षरं मा, मी, मू, मे.

आजीनं पहिल्याच दिवशी सांगून टाकलं. "मा आलंय नव्हं? आईतवारी जलमलंय लेकरू. मार्तंड ठिवा. देवाचंच नाव हाय, इचार काय करालाव?"

सगळ्यांना पटलं. मलाही फार आवडलं, कारण मानस, मानव, माधव ही नावं वर्गात दोन-दोन निघतात. मार्तंड माझ्या अख्ख्या इंजिनिअरिंगमध्ये एक नव्हता. जुनं असून नवीन वाटणारं नाव.

मग एका रात्री वहिनीचा मेसेज आला. तिनं फोनवर शोधलं होतं. बऱ्याच ठिकाणी 'सूर्य' एवढंच लिहिलेलं, पण एका ठिकाणी फोड दिली होती : मृत अधिक अंड. मेलेलं अंडं. तिनं लिहिलं होतं, "ताई, तुम्ही एवढं शिकलेल्या आहात, जरा नीट बघा ना. माझ्या बाळाच्या नावात हा शब्द मला नको."

आता यावर काय म्हणणार? 'असं काही नसतं वहिनी' म्हणणं सोपं होतं. पण नसतं की असतं, हे मला माहीत नव्हतं. आणि मी आत्या. बारशाला बाळाच्या कानात 'कुर्रर्र' करून नाव सांगायचं ते मी. माझ्या तोंडून जे जाणार, ते काय आहे हे मला कळायला नको का?

म्हणून मी शोधायला बसले. संस्कृत मला दहावीपर्यंतचं, शंभर मार्कांपुरतं. पण आपल्या पिढीचं एक बरं आहे. वामन शिवराम आपट्यांचा १८९० चा संस्कृत-इंग्रजी कोश आणि मोनिअर-विल्यम्सचा १८९९ चा कोश, दोन्ही जर्मनीतल्या कोलोन विद्यापीठानं फुकट ऑनलाइन ठेवलेत. फोनवर उघडतात. नावाचा अर्थ बघायचा असेल तर अ‍ॅपच्या आधी तिथे जा, एवढं माझं ऐका.

तर पहिली गोष्ट. वहिनीला दिसलं ते खरं होतं. मृत आणि अंड यांपासून मार्तांड. मूळ वैदिक रूपात 'ता' दीर्घ आहे. नंतर तो ऱ्हस्व होऊन मार्तंड झालं. हे 'ता'चं 'त' कसं झालं यासाठी व्याकरणवाल्यांना नेहमीचा संधीचा नियम बाजूला ठेवून एक वेगळी यादी करावी लागली, आणि त्याच यादीत मनीषा आणि पतंजलि हे शब्दही बसतात. थोडक्यात, अपवाद हाताळायचा कोड आपल्या आधी पाणिनीच्या परंपरेतल्या लोकांनी लिहून ठेवलाय. असो. मला हे फार आवडतं, पण वहिनीचा प्रश्न तो नव्हता.

प्रश्न हा की सूर्याला कुणी 'मेलेलं अंडं' का म्हणेल?

गोष्ट ऋग्वेदात आहे. दहाव्या मंडलातलं बहात्तरावं सूक्त, शेवटच्या दोन ऋचा. अदिती ही देवांची आई. तिला आठ मुलगे झाले. सात मुलांना घेऊन ती देवांकडे गेली आणि आठव्याला, मार्ताण्डाला, तिनं टाकून दिलं. ऋचा संपली. पुढच्या ऋचेत पुन्हा तेच, सात मुलांना घेऊन अदिती गेली. आणि मग शेवटच्या ओळीत : मार्ताण्डाला तिनं परत आणलं.

इथे सूक्तच संपतं. का टाकलं, ते सांगितलेलं नाही. का आणलं, ते अर्ध्या ओळीत सांगितलंय, त्याकडे मी येणार आहे.

टाकलं का, याचं उत्तर शतपथ ब्राह्मणात दिलंय. तिथे म्हटलंय की आठवा जन्मला तेव्हा त्याला आकारच नव्हता. हात नाहीत, पाय नाहीत, जेवढा उंच तेवढाच रुंद असा नुसता गोळा. मग मोठे भाऊ म्हणाले, आपल्यामागून आलेला हा वाया जाऊ नये. त्यांनी त्याला घडवलं, माणसाचा आकार दिला. घडवताना जे मांस काढून टाकलं त्याचा हत्ती झाला! (हा तपशील मी घरी सांगितला तेव्हा दादाला तेवढाच लक्षात राहिला.) आणि जो घडला तो विवस्वान. सूर्य.

मला हे वाचताना काय झालं सांगू? मी थेट पेटीतलं ते पोर बघितलं होतं. दीड किलोच्या आतलं बाळ कसं दिसतं हे ज्यांनी पाहिलंय त्यांना मी काय म्हणतेय ते कळेल. पूर्ण दिवसांच्या बाळाची गुटगुटीत ठेवण नसते. आणि आजूबाजूला पाच-सहा जण त्याला दिवसरात्र घडवत असतात. नळी, वायर, थेंबाथेंबानं दूध.

याच गोष्टीची आणखी एक आवृत्ती मार्कंडेय पुराणात आहे. तिथे अदिती गरोदर असताना कडक उपास करते, आणि कश्यप चिडून म्हणतो की उपास करून पोटातलं अंडं मारतेस काय. त्या रागाच्या वाक्यावरून नाव पडलं, मार्तंड. आता ही आवृत्ती मला तितकी आवडत नाही, स्पष्ट सांगते. बाळ अशक्त झालं की बोट लगेच आईकडे! तिनं काय खाल्लं, काय खाल्लं नाही, जिना चढली का, ग्रहणात बाहेर गेली का. वहिनीनं दोन्ही वेळेला हे ऐकलंय. गावात बायका तोंडावर बोलतात. पुराणात निदान अदिती कश्यपाला उलट उत्तर देते, मारलेलं नाही म्हणून सांगते, आणि बाळ तेजानं झळकत बाहेर येतं.

आता 'अंड' या शब्दाकडे. ऋग्वेदात मार्ताण्ड हा शब्द आणखी एका जागी येतो, दुसऱ्या मंडलात, आणि तिथे त्याचा अर्थ चक्क पक्षी असा घेतात. का? कारण पक्षी अंड्यातून येतो, आणि अंडं बाहेरून बघितलं तर निर्जीव असतं. गार, टणक, हलत नाही. दगडच म्हणा. आत काय चाललंय ते बाहेरून दिसत नाही. म्हणजे 'मृत अंड' हे शव नाही. जे मेल्यासारखं दिसतं आणि ज्यातून जीव बाहेर येतो, ते. रोज संध्याकाळी विझून सकाळी परत येणाऱ्या सूर्याला हे नाव चिकटणं मग इतकं विचित्र वाटत नाही.

आणि एक गोष्ट मला यात अचानक सापडली. आपण पेटीला इन्क्युबेटर म्हणतो ना? ते मुळात अंडी उबवायचं यंत्र. १८८० च्या सुमारास पॅरिसमध्ये स्तेफान तार्निए नावाचे प्रसूतितज्ज्ञ होते. त्यांनी तिथल्या प्राणिसंग्रहालयात कोंबडीची अंडी उबवायची पेटी बघितली, आणि तशीच पेटी आपल्या दवाखान्यातल्या अपुऱ्या दिवसांच्या बाळांसाठी करून घेतली. तिथून ही कल्पना जगभर गेली. म्हणजे आमचं पोर एकोणीस दिवस अक्षरशः अंड्याच्या पेटीत उबत होतं. हे मी वहिनीला सांगितलं तेव्हा ती पहिल्यांदा हसली.

थांबा, अजून एक पदर आहे, आणि तो माझ्या मते सगळ्यात महत्त्वाचा. तो संस्कृतात नाही, आमच्या घरातच आहे.

माझे थोरले तात्या, वडिलांचे मोठे भाऊ. सगळे तात्या म्हणतात, पण कागदावर नाव दगडू. तुम्हाला दगडू म्हटलं की २०१४ चा 'टाइमपास' आठवणार, मला माहितीय. किंवा पुण्यातला दगडूशेठचा गणपती. पण दगडू, धोंडू, केरबा, भिकू, उकिरडा ही नावं का ठेवायचे? आजीला विचारलं. तात्यांच्या आधी तिची दोन गेली होती. तिसऱ्या वेळी बाळ जन्मल्यावर सुईणीनं त्याला सुपात घातलं, उकिरड्याजवळ नेऊन ठेवलं, आणि मग आजीनं मूठभर ज्वारी देऊन तिच्याकडून 'विकत' घेतलं. टाकलेलं लेकरू. दगड. याच्याकडे सटवाई बघणार नाही, मृत्यू बघणार नाही, कुणाची दृष्ट लागणार नाही. असं हे नाव. आजी हे सांगताना रडली वगैरे नाही. लसूण सोलत होती. "टाकल्यालं कोन नेतंय ग?" एवढंच म्हणाली.

टाकलं आणि परत आणलं. आता मला सांगा, अदितीनं काय वेगळं केलं?

हे माझं मत आहे, कुठल्या कोशात नाही, तेव्हा पटलं तर घ्या. मला मार्तंड हे आपल्याकडचं सगळ्यात जुनं दगडू वाटतं. पंडितांनी त्याचं सूर्य केलं, राजांनी देवळं बांधली, पण आत ती सुपातली गोष्ट आहे.

ही नावं मागे का पडली, त्याचं कारणही नीट बघायला हवं. 'गावठी वाटतात म्हणून' हे अर्धंच उत्तर. १९७१ मध्ये भारतात दर हजार जन्मांमागे १२९ बाळं पहिला वाढदिवस बघायची नाहीत. म्हणजे आठातलं एक. अदितीचा आठवा, बघा! २०२० मध्ये हा आकडा २८ वर आला, महाराष्ट्रात १६. आमच्या अणदूरलाच हॅलो मेडिकल फाउंडेशननं गावागावातल्या बायकांना आरोग्याचं शिक्षण देऊन उभं केलं, त्यांना 'भारतवैद्य' म्हणतात. अशी कामं झाली, लसी आल्या, दवाखाने आले, आणि मुलांना दगडाआड लपवायची गरज कमी झाली. कमी झाली, संपली नाही. सोळा हा आकडा लहान दिसतो, पण ज्या घरात घडतं तिथे तो सोळा नसतो.

आता कुणी म्हणेल, हे सगळं गोड करून सांगताय तुम्ही, पण नाव टोचतंच ना? बरोबर आहे. टोचणारी नावं असतात. साताऱ्याचं आठवतं का? ऑक्टोबर २०११ मध्ये सातारा जिल्ह्यात २८५ मुलींची नावं एका कार्यक्रमात बदलली. त्यांचं नाव होतं नकुशी, नकोशी. नको असलेली. तिथे कुणी देवाला फसवत नव्हतं. मुलगी झाली, पुढच्या वेळी तरी मुलगा होऊ दे, म्हणून त्या पोरीच्या कपाळावर हे लिहिलं. दगडू आणि नकुशी दोन्ही अर्थानं वाईटच नावं. पण एक 'हे माझ्याकडेच राहू दे' म्हणून ठेवलेलं, दुसरं 'ही कशाला आली' म्हणून. कोशात बघून हा फरक कळणार नाही. ते नाव ठेवताना घरात काय चाललं होतं ते विचारावं लागतं.

मार्तंडचं तर पुढे फारच नशीब फळफळलं. काश्मीरमध्ये अनंतनागजवळ आठव्या शतकात ललितादित्यानं मार्तंडाचं सूर्यमंदिर बांधलं. आज भग्न आहे, पण कमानी उभ्या आहेत, आणि जवळच्या गावाला मट्टण म्हणतात ते मार्तंडवरूनच. दुसऱ्या टोकाला त्रावणकोरमध्ये मार्तंडवर्मा राजा, ज्यानं १७४१ मध्ये कुळच्चलला डचांना हरवलं. पंडित जसराजांच्या नावाआधी 'संगीत मार्तंड' लागायचं ते याच अर्थानं, संगीतातला सूर्य. आणि आपल्याकडे खंडोबा. मणी आणि मल्ल दैत्यांना मारायला शंकरानं घेतलेलं रूप म्हणजे मार्तंड भैरव, ही 'मल्हारी माहात्म्या'तली कथा. भंडाऱ्याचा पिवळा रंग, रविवारचा वार, सगळं सूर्याकडे बोट दाखवतं. जेजुरीच्या संस्थानाचं नावही मार्तंड देवसंस्थानच आहे. रा. चिं. ढेऱ्यांनी खंडोबावर लिहिलंय, आणि सोंथायमर नावाचे जर्मन अभ्यासक याच देवासाठी महाराष्ट्रभर हिंडले. ज्यांना खोलात जायचंय त्यांनी तिकडे जा, माझा तेवढा वकूब नाही.

मजा म्हणजे आमच्या आजीला यातलं संस्कृत काहीच माहीत नव्हतं. तिच्यासाठी मार्तंड म्हणजे पालखीत बसून नळदुर्गला जाणारा आणि परत येणारा देव. जातो आणि येतो. तेवढं तिला पुरेसं होतं.

बरं, मघाशी मी म्हणाले होते, 'का आणलं' याकडे येते. ते टाळून चालणार नाही. ऋचेत म्हटलंय की अदितीनं मार्ताण्डाला परत आणलं ते जन्मासाठी आणि मृत्यूसाठी. दोन्ही शब्द आहेत. सात भाऊ अमर देवांत गेले; हा आठवा मात्र इथला. त्याची मुलं म्हणजे यम आणि मनू, आणि मनूची म्हणे आपण सगळी.

हे वहिनीला सांगावं की नाही, यावर मी एक अख्खा दिवस घातला. सूर्य म्हणजे तेज, खंडोबाचं नाव, झालं, एवढ्यावर भागलं असतं. पण तिनं मला 'नीट बघा' म्हटलं होतं. नीट बघून अर्धंच सांगायचं तर मग त्या अ‍ॅपमध्ये आणि माझ्यात फरक काय?

शनिवारी फोन केला. बाळ तिच्या छातीशी बांधलेलं होतं. अशा बाळांना आईच्या अंगाला लावून ठेवायला सांगतात, कांगारू केअर म्हणतात त्याला. सगळं सांगितलं. आठ मुलगे, टाकणं, गोळा, हत्ती, परत आणणं, आणि ती शेवटची अर्धी ओळ. ती मध्ये एकदाही बोलली नाही. संपल्यावर तिनं एकच विचारलं.

"टाकलं तिनंच, अन् परत आणलं तेबी तिनंच?"

मी म्हटलं, "हो. दुसरं कुणी नाही."

"कोणी सांगितलं म्हणून आणलं?"

मी परत पुस्तकात बघितलं. म्हटलं, "नाही वहिनी. कुणी सांगितल्याचं लिहिलेलं नाही."

"बरं," म्हणाली. बाळ रडायला लागलं, तिनं फोन ठेवला.

मग दोन दिवस काही नाही. दादाचे मात्र चार फोन. त्याला फॉर्म भरायचा होता. इथे एक कामाची माहिती देते, कारण बऱ्याच जणांना वाटतं बारसं झाल्याशिवाय जन्माची नोंदच होत नाही. तसं नाही. जन्म-मृत्यू नोंदणीचा कायदा १९६९ चा आहे. त्यात बाळाची नोंद नावाशिवाय होते, आणि नाव नंतर घालता येतं. वर्षभरात घातलं तर पैसे लागत नाहीत. त्यानंतर विलंब शुल्क भरून पंधरा वर्षांपर्यंत. म्हणजे दादाला घाई करायचं काही कारण नव्हतं, पण त्याला घाई होतीच. १ ऑक्टोबर २०२३ पासून जन्मलेल्यांसाठी शाळेपासून पासपोर्टपर्यंत हाच दाखला धरतात, त्यामुळे स्पेलिंगसकट सगळं पहिल्याच वेळी नीट बघून घ्या. आमच्याकडे स्पेलिंगवरून वाद झालाच. दादाला मार्तंडच्या 'मा'त दोन 'ए' हवे होते, न्यूमरॉलॉजीवाल्या मित्रानं सांगितलं म्हणून. मी एकावर अडून बसले.

तिसऱ्या दिवशी वहिनीनं फॉर्मचा फोटो पाठवला. तिनंच भरला होता, तिच्या अक्षरात. एकच 'ए'.

त्या फोटोत माझं लक्ष दुसरीकडेच गेलं. महाराष्ट्रात १ मे २०२४ पासून जन्मलेल्या मुलांचं नाव सरकारी कागदावर कसं लिहितात माहितीय ना? आधी बाळाचं नाव, मग आईचं, मग वडिलांचं, मग आडनाव. त्यामुळे मार्तंडच्या लगेच पुढे वहिनीचं नाव होतं. आणि मला अदितीची ती बाकीची सात मुलं आठवली. त्यांना काय म्हणतात? आदित्य. अदितीचा तो आदित्य. वडिलांवरून नाही, आईवरून.

बारसं झालं. मी कुर्रर्र केलं, नाव सांगितलं, बायकांनी पाठीत असे धपाटे घातले की अजून दुखतंय. गल्लीतल्या पोरांनी आठवड्याच्या आत त्याचं 'मारत्या' करून टाकलं, त्यामुळे अर्ध्या गावाला वाटतं त्याचं नाव मारुती आहे. आणि आजी, जिनं हे नाव काढलं ती आमची आजी, काही केल्या त्याला मार्तंड म्हणत नाही. तीट लावते आणि म्हणते, "ए दगड्या, बघ हिकडं."

तुमच्या घरात असं एखादं नाव असेल, कागदावरचं एक आणि उंबऱ्याच्या आतलं दुसरं, तर व्हॉइस नोट पाठवा. कुणी ठेवलं आणि का, तेही सांगा. पुढच्या भागात ऐकवते. चला, भेटू.